दाखवलं आणि परत नेलं

"विसरले नाही मी," बदरुन्निसा म्हणाली. "विसरले असं तुम्ही ठरवलंत. मला न विचारता."

"बरं, ठरवलं," तौकीर म्हणाला. "मग काय सांगायचं होतं मी? बायकोने जाणूनबुजून केलं म्हणून? फोनवर राहीलचे वडील. बिचारा माणूस विचारतोय, भाईसाब, आमचं काही चुकलं का. मी म्हटलं, नाही हो, आमची बदरुन जरा वेंधळी आहे, गडबडीत कापडं तिच्या पिशवीत गेली. शुक्रवारी पोचवतो. ते हसले. मी हसलो. संपला विषय."

"तुमचा संपला."

"टेक्निकली," सोफ्यावर पाय घेऊन फिजिक्सचं पुस्तक धरलेली निदा म्हणाली, "अब्बाने झूठ बोला."

"तू गप बस," दोघंही एकदम म्हणाली. त्या संध्याकाळी नवराबायकोचं एकमत झालं ते तेवढ्यापुरतंच.

थोरली अफशाँ जेवणाच्या टेबलाशी बसली होती. दाताच्या दवाखान्यातून येऊन अर्धा तास झाला तरी गळ्यातलं ओळखपत्र काढलं नव्हतं. फोन उलटा करून ठेवत होती, पुन्हा सुलटा करत होती. वाद तिच्या लग्नाचा होता आणि तिला कुणी विचारत नव्हतं, हे बदरुन्निसाला दिसत होतं. पण वाद मध्येच सोडून देणं तिला जमत नव्हतं.

झालं होतं ते एवढंच. मंगनीनंतरची पहिली ईद, म्हणून गेल्या शुक्रवारी दोघं सामान घेऊन अफशाँच्या होणाऱ्या सासरी दम्मामला गेली होती. हुफूफचे खजूर, ताइफचं गुलाबपाणी, होणारा जावई राहील याच्यासाठी सुटाचं कापड, सुका मेवा, आणि बदरुन्निसाने पहाटे उठून उकडलेली सांदणं. इथली, सौदीतली कोकणी माणसं असं सामान मॉलमधल्या दुकानातून सजवून घेतात. सोनेरी खोका, त्यावर जाळी, जाळीवर रिबन आणि रिबनवर प्लास्टिकचा गुलाब. बदरुन्निसाने ते केलं नव्हतं. पाचही वस्तू तिने आपल्या पाच कापडांत बांधल्या होत्या. दोन-दोन हात लांबरुंद, चौकोनी, सुती कापडं. जपानी लोक भेट न्यायची ती अशा कापडात बांधून नेतात, त्याला फुरोशिकी म्हणतात. तिच्या पाचही कापडांवर तिने स्वतः कुंचल्याने काळ्या शाईची चित्रं काढली होती, कुठे कुठे रंगाचा एखादा हात.

इस्मत विहीणबाईंनी जावा आणि शेजारणी मिळून डझनभर बायका बोलावल्या होत्या. गाठोडी आत आली तेव्हा सगळ्या पुढे सरकल्या. "हे दुपट्टे कुठून घेतलेत हो?" एकीने विचारलं. बदरुन्निसा नुसती हसली, कारण सांगायला सुरुवात केली असती तर लांबली असती. मग ती गालिच्यावर बसली. पहिल्या गाठोड्याचं एक टोक उलटं ओढलं, गाठ सुळकन सुटली, आतला डबा तिने दोन्ही हातांनी विहीणबाईंसमोर सरकवला, कापड हलकेच झटकलं, चौघडी केली आणि आपल्या पिशवीत ठेवलं. मग दुसरं. तिसऱ्या कापडापर्यंत खोली चिडीचूप झाली होती. पाचवं पिशवीत गेलं तेव्हा तर चमचा पडला असता तरी ऐकू आला असता. बदरुन्निसाला वाटलं, बायका भारावल्या. येताना गाडीत तिने तौकीरला तेच सांगितलं. म्हणाली, बघितलंत ना, कुणाच्या तोंडून शब्द फुटेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी शरफुन्निसा आपाचा फोन आला. ही तौकीरची थोरली बहीण, राहायला दम्मामला, आणि हे स्थळ आणलेलं तिनेच. "अगो बदरुन," आपा म्हणाली, "तू दाखवलंस आणि परत नेलंस? सगळं दम्माम बोलतंय. इस्मत म्हणते, आमच्या अंगावरून ओवाळून घरी घेऊन गेली."

तेव्हापासून आज बुधवारपर्यंत हेच चाललं होतं.

दाभोळच्या खाडीकाठचं बदरुन्निसाचं माहेर. बाप बोटीवर खलाशी, वर्षातून एकदा घरी यायचा, आणि उरलेले अकरा महिने आई त्याच्या येण्याची तयारी करायची. बदरुन्निसाला शाळेत चित्रकलेचा तास म्हणजे एक आंबा आणि एक फुलदाणी, इतकाच ठाऊक. हात तयार झाला तो मेंदीवर. तेराव्या वर्षापासून गावातल्या नवऱ्या मुलींचे हात तिच्यापुढे यायचे. कोन एकदा टेकवला की रेघ न थांबता जायला हवी, पुसायची सोय नाही. अर्ध्या मोहल्ल्याच्या नवऱ्या तिने रंगवल्या आणि एकविसाव्या वर्षी दुसऱ्या कुणीतरी रंगवलेले हात घेऊन ती अल-खोबरला आली. तौकीर तेव्हा एसीच्या डक्टचं काम करणाऱ्या कंपनीत हेल्पर होता, आता फोरमन आहे. थुकब्यात, खोबरच्या जुन्या वस्तीत, तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या. खाली बांगलादेशी न्हावी, समोर भिंत. ती शिवणकाम करायला लागली. अबायाची लांबी कमी करणं, पडद्यांना दुमड घालणं. तौकीर लोकांना सांगायचा, "घरात बसून टाइमपास करते थोडं शिवण." त्यात वाईट काही नव्हतं, तो सगळ्यांच्याच कामाबद्दल तसं बोलायचा. पण ते 'थोडं' तिच्या लक्षात राहायचं.

पडद्यांच्या दुमडीपायीच ती ओगावाबाईंकडे पोचली. समुद्राजवळच्या एका कंपाउंडमध्ये, परदेशी लोकांच्या बंदिस्त वसाहतीत, चार-पाच जपानी कुटुंबं होती. ओगावाबाईंचा नवरा खाऱ्या पाण्याचं गोडं पाणी करायच्या प्रकल्पावर इंजिनियर. बाई पन्नाशीच्या, बारीक, आणि पडद्याची दुमड दोन्ही टोकांना पट्टी लावून मोजणाऱ्या. बदरुन्निसाला ती बाई तिथेच आवडली. पडदे झाले तेव्हा त्यांनी मजुरीशिवाय एक बिस्किटांचा डबा दिला, निळ्या कापडात बांधून. कापडासकट दिला, घरी न्यायचा म्हणून.

आता आलेलं भांडं रिकामं परत पाठवायचं नाही, हे बदरुन्निसाच्या हाडात मुरलेलं. तिने नारळाच्या वड्या केल्या, निळ्या कापडात बांधल्या आणि नेऊन दिल्या. ओगावाबाई कापड परत आलेलं बघून जरा चकित झाल्या. आठवड्याने त्याच कापडात सुकवलेला समुद्री पाला आला. बदरुन्निसाने नानखटाई पाठवली. मग हिरवा चहा आला. मग खारवलेल्या कैऱ्या गेल्या. हे सात महिने चाललं. शेवटी एक दिवस ओगावाबाई स्वतः जिना चढून आल्या, कापड टेबलावर ठेवलं आणि आपल्या मोडक्या इंग्रजीत म्हणाल्या, "बादारू-सान, आपल्यापैकी कुणीतरी एकीने थांबायला पाहिजे." दोघी इतक्या हसल्या की शेजारची केरळी बाई काय झालं बघायला आली.

त्याच दिवशी त्यांनी तिला रीत समजावून सांगितली. नीट भेट द्यायची ती गाठ सोडून द्यायची. समोरच्याच्या हातात वस्तू ठेवायची आणि कापड आपण घडी करून घरी न्यायचं. कापड भेटीतलं नसतं. आपण कुणाकडे छत्री घेऊन गेलो तर ती तिथे ठेवून येत नाही, तसं. वस्तू त्यांची, कापड तुझं. समोरच्याला गाठ सोडायची तसदी पडत नाही, परतफेडीचं ओझं राहत नाही. बदरुन्निसाला हे फार सभ्य वाटलं. "मग मला पहिल्यांदा कापडासकट का दिलंत?" तिने विचारलं. ओगावाबाई म्हणाल्या, "तेव्हा मला वाटलं, तुम्ही पुन्हा यावं."

दर मंगळवारी सकाळी कंपाउंडच्या क्लबात ओगावाबाई बायकांना शाईची चित्रं शिकवायच्या. बदरुन्निसा जायला लागली. शाईची कांडी दगडावर पाण्याचे थेंब टाकून उगाळायची. तिच्या आईच्या सहाणेवर बाळगुटी उगाळतात तशीच, फक्त ही काळी. रेघ मारायला तिला वेळ लागला नाही. मेंदीच्या हाताला ती जमतच होती, बाकीच्या बायका बघत राहायच्या. अडलं ते दुसरीकडेच. मेंदीवालीला मोकळी जागा दिसली की चैन पडत नाही. तळव्यावर बोटभर कोरं राहिलं तर नवरीची आई विचारते, इथे का सोडलंस. बदरुन्निसा कागद भरून टाकायची. पानांत पानं, पानांच्या मध्ये ठिपके. ओगावाबाई मान हलवायच्या, नवा कागद द्यायच्या. वर्षभर हेच. एकदा तिने खाडीकाठी वाळत घातलेली जाळी काढली, प्रत्येक घर काढलं, तीन तास. बाईंनी ती बघितली आणि आपल्या तळहाताने कागदाचा मोठा भाग झाकला. एक कोपरा तेवढा उघडा ठेवला. जाळं तिथेही जाळंच होतं. उलट जास्तच होतं. बदरुन्निसा त्या दिवशी घरी येऊन डाळ करपवून बसली.

कागदावरून ती कापडावर गेली. भिजवलेले सोयाबीन वाटायचे, गाळायचे, ते दूध कापडाला मारून वाळवायचं, म्हणजे शाई पसरत नाही. घरात वास सुटायचा. तौकीर म्हणायचा, "आज पुन्हा तुझं जपानी पिठलं?" पण सुट्टीच्या दिवशी कापड ताणून धरायला तोच उभा राहायचा, हेही खरं.

ओगावा कुटुंब परत गेलं त्याला आता सात-आठ वर्षं झाली. जाताना बाईंनी शाईचा दगड आणि दोन कुंचले तिला दिले, आणि कोपऱ्यात उठवायला लाल शिक्का करून दिला, 'ब' अक्षराचा. तौकीरने एकदा एक कापड कपड्यांबरोबर लाँड्रीत दिलं आणि कोपऱ्यातला लाल डाग काढा म्हणून सांगितलं. लाँड्रीवाल्याने चिठ्ठी लावून परत पाठवलं, डाग निघत नाही, माफ करा.

इतक्या वर्षांत बदरुन्निसाने पुष्कळ कापडं रंगवली. दिली, विकली, फाडून पुसायलाही घेतली. ठेवली ती पाच. एकावर खाडीतली रिकामी होडी. एकावर दोरीवर सुकणारे बोंबील. दम्मामच्या बायकांना ते मॉडर्न डिझाइन वाटलं होतं. एकावर रातांब्याची फांदी, एकावर इथल्या कॉर्निशचा, समुद्रकाठच्या रस्त्याचा, लोखंडी कठडा. आणि पाचवं जवळजवळ कोरं. वरच्या अंगाला समुद्राची एक रेघ, रेघेवर ठिपक्याएवढी बोट, खाली सगळं मोकळं. बाप जायचा तेव्हा धक्क्यावरून शेवटी दिसायचं ते एवढंच. त्या एका रेघेसाठी तिने अकरा कापडं वाया घालवली होती. तौकीरने ते बघून विचारलं होतं, "हे पुरं कधी करणार?"

अफशाँच्या सासरी न्यायला तिने हीच पाच काढली. दुसरी कुठली न्यायची हा प्रश्नच तिला पडला नव्हता.

बेल वाजली. निदाने दार उघडलं. शरफुन्निसा आपा आत आली, अबाया न काढताच सोफ्यावर बसली आणि निदाला म्हणाली, "पाणी दे गो. लिफ्ट बंद आहे तुमची, नेहमीसारखी." मग भावाकडे वळली. "तयार आहे ना?"

"काय तयार?" बदरुन्निसाने विचारलं.

तौकीर उठून पंख्याचा वेग बघायला लागला. एसी चालू होता, पंखा बंदच होता.

"म्हणजे तू सांगितलं नाहीस," आपा त्याला म्हणाली. "अरे, मी चाळीस मिनिटं ट्रॅफिकमधून आले. बदरुन, कापडं मी आजच घेऊन जाते. इस्मतकडे देते. शुक्रवारी त्या सगळ्या बायका पुन्हा येणार आहेत, तिने बोलावलंय. तू यायचं, दोन शब्द बोलायचे. लक्षात राहिलं नाही, माफ करा. झालं. चहा पिऊन घरी."

"पुन्हा सगळ्या बायका?"

"ज्यांच्यासमोर झालं त्यांच्यासमोरच मिटायला नको? तिचीही काही इज्जत आहे."

"इज्जत आहेच," बदरुन्निसा म्हणाली. "पण आपा, ती कापडं द्यायची नव्हतीच. ती रीतच तशी आहे. गाठ सोडायची, सामान द्यायचं—"

"ती रीत जपानात," आपा म्हणाली. "आपण श्रीवर्धनच्या माणसांकडे सोयरीक केलीय. आपल्यात गाठोडं बांधून काय नेतात माहीत आहे ना तुला? गेलेल्या माणसाचे कपडे. नाहीतर सासरहून निघून आलेली बाई. मी तेवढंही मनाला लावून घेतलं नाही. म्हटलं, बदरुनला हौस आहे. पण सोडून परत नेणं? मी माझ्या आयुष्यात बघितलं नाही."

यात थोडं खरं होतं आणि ते बदरुन्निसाला बोचलं. गाठोड्याचं तिच्या मनात आलंच नव्हतं. पंचवीस वर्षं ती गावाबाहेर होती.

तेवढ्यात तौकीर आतून कापडं घेऊन आला. पाचही. कपाटात वरच्या खणात मलमलीत गुंडाळून ठेवलेली, तिच्याशिवाय कुणी हात न लावणारी. त्याने ती टेबलावर ठेवली आणि म्हणाला, "बघ, इस्त्रीचीसुद्धा गरज नाही."

आपाने वरचं उचलून उलगडलं. तेच, कोरं. तिने ते उजेडाकडे धरलं, मागून पुढून बघितलं. "कापड मात्र चांगलं आहे," ती म्हणाली. "इस्मत त्याच्या दिवाणावरच्या उशा शिवणार आहे. मला म्हणाली, एकेका कापडात चार-चार निघतील. आता ह्यात मधलं सगळं रिकामं आहे, ते फुकट जाईल. पण ही वरची कड एका उशीला चालून जाईल."

निदाने पुस्तक मिटलं.

"आपा, ते खाली ठेवा," बदरुन्निसा म्हणाली.

"ठेवते गो, खात नाहीये मी."

"नवी करशील ना तू," तौकीर मऊ आवाजात म्हणाला. "तुला येतं सगळं. ही देऊन टाकू, सुट्टीत बसून आणखी पाच कर. दहा कर. मी सोयाबीन आणून देतो."

बदरुन्निसाने नवऱ्याकडे बघितलं. पंचवीस वर्षांत त्याने तिचं वाईट कधी चिंतलं नव्हतं. तो तिला जे देत होता ते त्याच्या मते फार मोठं होतं. आणखी पाच. कुणी त्याला सांगितलं असतं, ह्या मुली जाऊ देत, आणखी दोन कर, तर त्याला लगेच कळलं असतं. कापडाचं त्याला कळणार नव्हतं. तिने हे तोंडाने बोलून दाखवलं नाही, कारण बोलल्यावर ते वेडगळ वाटलं असतं.

"अम्मी." अफशाँ पहिल्यांदा बोलली. "प्लीज. इट्स जस्ट क्लॉथ."

"तुलाही तसंच वाटतं?"

"मला काय वाटतं त्याने काय फरक पडतो? चार दिवस झाले. राहील फोनवर नीट बोलत नाहीये. विचारलं तर म्हणतो, घरका माहौल खराब है. मला त्या घरात राहायचंय, अम्मी. तुला नाही." तिचा आवाज चढला नव्हता. चढला असता तर बदरुन्निसाला सोपं गेलं असतं. "मी आयुष्यभर ऐकायचं का, तुझ्या आईने दाखवलं आणि परत नेलं?"

बदरुन्निसा टेबलाशी गेली. आपाने ठेवलेलं कापड तिने घडीवर घडी बसवून पुन्हा दुमडलं, बाकीच्या चारांवर ठेवलं आणि पाचही उचलून छातीशी धरली. मग तिने ती आपाच्या पुढ्यात ठेवली.

"शाबास," आपा म्हणाली. तिने पर्स उघडून आतून दुमडलेली प्लास्टिकची पिशवी काढली.

तौकीरने सुटकेचा श्वास टाकला. त्याच्याने गप्प राहवेना. "आणि शुक्रवारी जास्त बोलायचंच नाही," तो म्हणाला. "जपान, फुरोशिकी, ते काही काढायचं नाही. एवढंच म्हणायचं, माफ करा, माझ्या लक्षातच राहिलं नाही. म्हणून बघ एकदा."

"मी म्हणून बघू?"

"सराव म्हणून."

"अब्बा, राहू दे," अफशाँ म्हणाली. ती उठून आईजवळ आली आणि तिने आईच्या खांद्यावर हात ठेवला. मनापासून ठेवला. "अम्मी, तू काहीच बोलू नकोस. तू नुसती बस. मी सांगते त्यांना. मी म्हणेन, अम्मीचं होतं असं कधीकधी. वयामुळे विसरते, वस्तू उचलते, आम्ही घरातले सांभाळून घेतो. त्यांनाही बरं वाटेल. दे विल लाफ."

बदरुन्निसाने त्या हाताकडे बघितलं. पोरीने हे प्रेमाने म्हटलं होतं, तिथेच सगळं आलं. ती हे दम्मामला म्हणेल, बायका हसतील, अफशाँ त्यांच्याबरोबर हसेल. पुढच्या ईदला पुन्हा म्हणेल. मग ते घरातलं एक ठरलेलं वाक्य होईल. आणि दहा वर्षांनी त्या घरात अफशाँने स्वतः जाणूनबुजून काही केलं, तर तिच्या नवऱ्याला काय सांगायचं ते तयार असेल. वेंधळी आहे जरा. आईवर गेली.

तिने आपाच्या हातातली प्लास्टिकची पिशवी घेतली. अजून रिकामीच होती. ती तिने घडी करून आपाच्या पर्सवर ठेवली आणि कापडं उचलली.

"आता काय झालं?" तौकीर म्हणाला.

"मी विसरत नाही," बदरुन्निसा म्हणाली. "अफशाँ, तुझ्या जन्मापासूनचं विचार मला. कुठल्या अबायाला किती बोटं दुमड घातली ते सांगते. मी लोकांच्या वस्तू उचलत नाही. तुला मी आवडत नसेन तर तसं सांग त्यांना. पण हे सांगायचं नाही."

"मी तसं म्हटलं का, अम्मी?"

"नाही म्हटलंस. माहीत आहे मला."

"बदरुन, स्थळ मोडेल," आपा म्हणाली. आता तिचा आवाज खरोखरच काळजीचा होता. "मी सांगते तुला. इस्मतचा स्वभाव मला माहीत आहे. पाच फडक्यांपायी पोरीचं नुकसान करशील."

"चूक माझी झाली आहे, आपा," बदरुन्निसा म्हणाली. "पण ती तुम्ही म्हणता ती नाही. त्यांनी विचारलं दुपट्टे कुठले, तेव्हा मी तोंड उघडून सांगायला हवं होतं. हे मी काढलंय, ही अशी रीत आहे, हे मी घरी नेणार. मी हसून गप्प बसले. मला वाटलं, दिसतंय ते कळतंयसुद्धा. मला स्वतःला कळायला सात महिने लागले होते, आणि त्यांनी ते पाच मिनिटांत ओळखावं अशी माझी अपेक्षा. आणि गाठोड्याचं तुम्ही म्हणालात, ते माझ्या ध्यानात यायला हवं होतं. ह्या दोन्हीची माफी मी मागेन. इस्मतआपांची मागेन, बायकांसमोर मागेन."

"मग कापडं देऊन माग. तेवढंच तर म्हणतोय आम्ही," तौकीर म्हणाला.

"कापडं देऊन माफी मागितली की ती चोरीची माफी होते."

तौकीरने बहिणीकडे बघितलं. बहिणीने छताकडे.

"उद्या उठून त्या आपण होऊन म्हणाल्या, बदरुन, हे मला आवडलं, मला एक दे," बदरुन्निसा पुढे म्हणाली, "तर मी त्यांना बसवून विचारेन, तुमच्या श्रीवर्धनात तुमच्या दारातून काय दिसायचं, आणि ते काढून देईन. महिना लागो की वर्ष. उशीला शिवायला नाही देणार."

"आणि त्यांनी मोडलंच तर?" अफशाँने विचारलं. तिचे डोळे भरले होते, पण ती आईकडे सरळ बघत होती.

"तर तू रडशील. मी तुझ्याजवळ बसेन. तू माझ्याशी बोलणार नाहीस काही दिवस, तेही मी सोसेन. पण मला नाही वाटत ते मोडतील. माणसाने खरं सांगितल्यावर मोडणारं घर असेल तर तुझे अब्बाही तुला तिथे पाठवणार नाहीत. विचार त्यांना."

तौकीरला कुणी विचारलं नाही. पण सगळ्या त्याच्याकडे बघत होत्या. तो म्हणाला, "मला कशाला मध्ये घेता," आणि खुर्चीवर बसला. उभा असताना तो जितका ठाम दिसत होता, बसल्यावर तितका दिसला नाही.

खालच्या मशिदीतून मगरिबची अजान सुरू झाली. आपाने ओढणी डोक्यावर घेतली. बदरुन्निसाने अजान संपू दिली. मग ती आत गेली, पाचही कापडं वरच्या खणात मलमलीत ठेवून कपाटाला किल्ली लावली आणि बाहेर येऊन नवऱ्याला, नणंदेला आणि दोन्ही मुलींना, भाजी काय करायची ते सांगावं त्या आवाजात सांगितलं:

"शुक्रवारी असरच्या नमाजानंतर मी दम्मामला जाणार आहे. पाच डब्यांत खाऊ नेणार, ह्याच पाच कापडांत बांधून. सगळ्यांसमोर गाठी सोडणार, हे काय आहे ते सांगणार, डबे तिथे ठेवणार आणि कापडं घडी करून परत आणणार. आपा, इस्मतआपांना आजच फोन करून कळवा, म्हणजे कुणाला नवल वाटायला नको. ज्याला यायचं असेल त्याने साडेचारला खाली गाडीपाशी यायचं."